एकशेऐंशीवा हप्ता

मी गणिताचा शिक्षक आहे. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे कुणी मध्येच उठून "अहो, पण तुम्ही तर गणित शिकवता ना?" असं विचारायला नको. हा प्रश्न मला गेल्या महिन्याभरात एकवीस जणांनी विचारला आहे. मी मोजले आहेत. मोजण्यात माझा हात कुणी धरू शकत नाही.

घाटकोपरच्या एका विनाअनुदानित शाळेत मी बावीस वर्षं आठवी ते दहावीला गणित शिकवतो. त्यातही चक्रवाढ व्याज हा माझा हातखंडा धडा. मागच्या बाकावर झोपणारा पोरगाही माझ्याकडून रास काढायला शिकूनच बाहेर पडतो. मी शिकवण्या मात्र कधी घेतल्या नाहीत. ज्ञान विकायचं नाही, असं माझं तत्त्व होतं, आणि त्या तत्त्वाची किंमत किती, हे मी कधी काढून पाहिलं नव्हतं.

मुलुंड पूर्वेला स्नेहसागर सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर आमचं घर आहे. वन बीएचके. पंधरा वर्षांपूर्वी पंचवीस लाखांचं कर्ज काढून घेतलं. व्याजाचा दर सव्वाआठ टक्के, हप्ता चोवीस हजार दोनशे त्रेपन्न रुपये, मुदत पंधरा वर्षं. म्हणजे एकशेऐंशी हप्ते. सही केल्या दिवशीच मी एका कार्डशीटवर एकशेऐंशी चौकोन आखले आणि ती कपाटाच्या दाराला आतून चिकटवली. दर महिन्याच्या पाच तारखेला बँकेतून पैसे वळते झाले की लाल पेनाने एक चौकोन खोडायचा. बँक अधूनमधून पत्रं पाठवायची, पण ती मी वाचत नसे. ज्याला हिशेब येत नाही त्याने पत्रं वाचावीत. बँकेचा कागद जाड असतो, पाठीमागे कोरा असतो आणि त्यावर शाई फुटत नाही, म्हणून कच्च्या कामाला मी तो जपून ठेवायचो.

माझी बायको हेमांगी एका खासगी हॉस्पिटलात ऑपरेशन थिएटरची नर्स. चोवीस वर्षं. या नोकरीत बसायला मिळत नाही. डॉक्टर थकले तर स्टूल मागवतात, नर्सने स्टूल द्यायचं असतं. तिच्या टाचांचं हाड वाढलं आहे आणि गुडघे जिना चढताना आवाज करतात. कर्जाच्या कागदांवर सह्या करून बाहेर पडलो तेव्हा मी तिला छातीठोकपणे सांगितलं होतं, "शेवटचा हप्ता गेला की तू नोकरी सोडायची." पंधरा वर्षं तिने याची आठवण एकदाही करून दिली नाही. फक्त कपाट उघडलं की त्या कार्डशीटकडे बघायची. आमची कल्पिता गेल्या वर्षी नोकरीला लागून पुण्याला गेली, तिची काळजी मिटली. आणि गेल्या महिन्यात पाच तारखेला एकशेऐंशीवा चौकोन खोडला गेला. त्या संध्याकाळी हेमांगीने राजीनामा लिहिला, मला शुद्धलेखन तपासायला दिला, आणि सोमवारी देते म्हणाली.

आता आमच्या सोसायटीच्या फलकाबद्दल सांगायला हवं. आमचे सेक्रेटरी ज्युलियस मिनेझिस. आमची इमारत ज्या जागेवर उभी आहे त्या गावठाणातलंच हे जुनं ईस्ट इंडियन ख्रिस्ती घराणं. त्यांच्या डोक्यातून एक कल्पना निघाली होती. शाळांतून शालान्त परीक्षेत पहिल्या आलेल्यांचे फलक असतात ना, तसा आमच्या तळमजल्यावर लिफ्टशेजारी एक सागवानी फलक आहे. वर मथळा, 'कर्जमुक्त सभासद'. खाली सोनेरी अक्षरांत नाव आणि साल. ज्याचं नाव लागतं त्याने रविवारी सकाळी सगळ्या सभासदांना मिसळ द्यायची, अशी प्रथा. फलकावर आजवर तीनच नावं होती आणि पहिलं नाव खुद्द ज्युलियसचं होतं. माझा शेवटचा हप्ता गेल्याचं कळताच त्यांनी धाकू पेंटरला बोलावून चौथं नाव लिहवूनही टाकलं. 'श्री. किरण हरेश्वर वैती.' मी लिफ्ट असूनही दोन दिवस जिन्याने जात होतो, कारण जिन्याच्या वळणावरून फलक जास्त वेळ दिसतो.

राहिलं होतं ते बँकेचं पत्र आणि घराचे मूळ कागद आणणं. गुरुवारी अर्धी रजा टाकली, एक किलो पेढे घेतले आणि मुलुंडच्या शाखेत गेलो. तिथे कळलं की खातं इथे असलं तरी कर्जाची फाइल मालाडच्या कार्यालयात असते. का, ते कुणालाच माहीत नव्हतं. मी रागावलो नाही. कर्जमुक्त माणसाला राग शोभत नाही. शाखेतल्या पाच जणांना पेढे दिले, बस पकडली, आणि दीड तासाने मालाडला उतरलो. तिथे सुरक्षारक्षकाला पेढा, टोकन देणाऱ्या बाईंना पेढा, टोकन चुकीच्या रांगेचं आहे असं सांगणाऱ्या गृहस्थांनाही पेढा दिला. शेवटी काचेच्या खोलीत ज्या अधिकारी बाईंसमोर मला बसवलं, त्या उठून उभ्या राहिल्या.

"वैती सर! मी गंधाली. नववी ब."

मला आठवली. दुसऱ्या बाकावर बसायची, घटक चाचणीत वीसपैकी नऊ, आणि पेपरावर मी लिहिलेलं, 'लक्ष कुठे असतं?' तिला दोन पेढे दिले. तिने एक तोंडात टाकला आणि माझा खातेक्रमांक कॉम्प्युटरवर घातला. मग ती चघळायची थांबली.

"सर, हे पेढे कशाचे?"

"कर्ज फिटलं. एकशेऐंशी पूर्ण."

तिने पेढा गिळला. "सर, अजून सहासष्ट आहेत."

"सहासष्ट काय?"

"हप्ते. बारा लाख चौदा हजार बाकी आहेत."

मी हसलो. पोरगी गणितात कच्चीच राहिली, याचं वाईटही वाटलं. मी तिला समजावून सांगितलं की पंधरा गुणिले बारा म्हणजे एकशेऐंशी, यात कॉम्प्युटरने लुडबुड करायचं कारण नाही. तिने मॉनिटर माझ्याकडे वळवला. माझ्या कर्जाचा दर बदलता होता. सव्वाआठ टक्के फक्त पहिल्या वर्षी. दुसऱ्या वर्षी तो पावणेअकरा झाला, मग सव्वादहा, पावणेदहा, आणि आता साडेदहा. हप्ता मात्र तोच राहिला, कारण बँकेने हप्ता वाढवण्याऐवजी मुदत वाढवली. हे फार हुशारीचं काम आहे. हप्ता पाचशे रुपयांनी वाढला असता तर मी दुसऱ्या दिवशी बँकेत जाऊन भांडलो असतो. मुदत वाढली ती मला कळलीच नाही, कारण मुदत खिशातून जात नाही.

"पण मी पंधरा वर्षांत त्रेचाळीस लाख पासष्ट हजार भरले!" हा गुणाकार मी तोंडी केला.

"हो सर. त्यातले बारा लाख शहाऐंशी हजार मुद्दलात गेले. बाकीचं व्याज."

मी तिच्याकडून कोरा कागद मागितला आणि सगळं पुन्हा काढलं. माझं उत्तर सहासष्ट पूर्णांक एक दशांश आलं. कॉम्प्युटरपेक्षा अचूक, पण त्याचा आनंद झाला नाही.

"आणि सर, नव्या ग्राहकांना आज सव्वाआठनेच देतो आम्ही. तुम्हाला साडेदहा पडतं, कारण तुम्ही दर बदलून मागितला नाहीत. अर्ज आणि पाच हजार नऊशे फी, बस."

"मागायचं असतं, हे मला कोण सांगणार?"

"पत्रं पाठवली होती, सर." मग ती फार हळू, फार आदराने म्हणाली, "तुम्हीच फळ्यावर लिहायचात ना, दर बदलला की रास बदलते, हे विसरू नये?"

वीसपैकी नऊ दिलेल्या मुलीने असं बोलावं, ही गोष्ट माझ्या मनाला फार लागली. उरलेले पेढे मी परत नेले.

घरी येऊन कच्च्या कागदांचा गठ्ठा काढला. चौदा वर्षांपूर्वीचं पत्र होतं. दर वाढल्यामुळे उरलेले हप्ते एकशेअडुसष्टऐवजी दोनशे एकोणपन्नास होतील, असं त्यात स्वच्छ मराठीत छापलं होतं. उलटून पाहिलं. पाठीमागे माझ्याच अक्षरात एक उदाहरण सोडवलेलं होतं: पाच हजार रुपयांचं दसादशे दहाने तीन वर्षांचं चक्रवाढ व्याज, एक हजार सहाशे पंचावन्न. उत्तर बरोबर होतं. त्याखाली मी स्वतःलाच बरोबरची खूण केली होती.

तेवढ्यात हेमांगी आली. चपला काढून भिंतीला धरून आत येते ती. "मिळालं पत्र?" तिने विचारलं.

"मिळालं," मी म्हणालो. मी खोटं बोललो नव्हतो. पत्र माझ्या हातात होतं.

इथे मी सरळ सांगून टाकायला हवं होतं, हे मला मान्य आहे. पण रविवारपर्यंत तीन दिवस होते, आणि तीन दिवसांत मी काहीही सोडवू शकतो असा माझा स्वतःवर विश्वास होता. शुक्रवारी मी सल्ला घ्यायला निघालो. अर्थात स्वतःसाठी नाही. मी मालाडचा एक मित्र तयार केला. बिचाऱ्याला वाटत होतं कर्ज फिटलं, आणि सहासष्ट हप्ते निघाले.

समोरच्या दाराचे अंबादास पालिकेच्या पाणीखात्यात आहेत. ते म्हणाले, "माहितीचा अधिकार टाकायला सांग त्याला. तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर अपील. अपिलात सगळे सुतासारखे सरळ होतात."

"पण माहिती त्याला मिळालीच आहे. माहितीच तर वाईट आहे."

"मग दुसरी माहिती मागव म्हणावं." मग ते जवळ सरकले. "पण काय रे किरण, पंधरा वर्षं हा माणूस झोपला होता? करतो काय तुझा मित्र?"

"शिक्षक आहे."

"कसला? चित्रकलेचा असेल."

मी हो म्हणालो. चित्रकलेच्या शिक्षकांची मी इथे जाहीर माफी मागतो.

ज्युलियसना मी दुसरीच गोष्ट विचारली. समजा, फलकावर एखाद्याचं नाव चुकून लागलं, तर काढायचं कसं? त्यांनी लगेच सोसायटीचे उपविधी काढले. "नाव लावायचा अधिकार सेक्रेटरीला. काढायचा अधिकार सर्वसाधारण सभेला. चौदा दिवसांची नोटीस, विषयपत्रिका, कोरम. कोरम नाय झाला तर सभा तहकूब. पण कुणाचं नाव काढायचंय?"

"कुणाचं नाही. सहज."

"आणि तुझ्या त्या मालाडच्या मित्राचं अंबादास सांगत होता मला. त्याला सांग, कर्ज मनाला लावून घ्यायचं नसतं. मला बघ. एका हप्त्यासाठी कधी झोप उडाली नाय माझी."

तळमजल्यावर धाकू पेंटर भेटला. त्याला म्हटलं, अक्षरं पुसता येतील का? तो म्हणाला, "सर, सोनेरी रंग हाय. घासला तर खालचं लाकूड निघंल, पर नाव निघायचं न्हाई." एवढं चांगलं काम त्याने आमच्या सोसायटीत दुसरं कुठलंही केलेलं नाही.

शनिवारी सकाळी माझ्या सासूबाई सरूबाई माहुलहून आल्या, सोबत रविवारसाठी म्हणून कोळंबी. लेक नोकरी सोडणार म्हणून चार दिवस राहायला आल्या होत्या. चाळीस वर्षं त्यांनी मासळी विकली आहे. गिऱ्हाईक किती पैसे काढणार हे त्याच्या चालण्यावरून ओळखतात, त्यांच्यापुढे जावयाचा चेहरा म्हणजे काहीच नाही. हेमांगी ड्यूटीवर गेली आणि त्यांनी मला स्वयंपाकघरात गाठलं.

"काय झाला, जावय? तोंड का असा पारलाय?"

काही नाही म्हणालो. त्या बघत राहिल्या. मी मालाडच्या मित्राला पुढे केलं. त्यांनी त्याची गोष्ट शेवटपर्यंत ऐकली.

"बरा. तुज्या मित्राचा हप्ता किती?"

"चोवीस हजार दोनशे त्रेपन्न."

"नि तुजा?"

मी तोच आकडा पुन्हा सांगितला. आकड्यांच्या बाबतीत मला खोटं बोलता येत नाही, हा माझा व्यवसायाने दिलेला दोष आहे.

त्या खाली बसल्या आणि कोळंबी सोलायला घेतली. "मना एक सांग. त्या चोवीस हजारान म्हावरा किती नि बरफ किती?"

"म्हणजे?"

"मी सकाली म्हावरा घेते. संध्याकालपरत खपला तर बरफ थोरा लागतो. नाय खपला तर दुसरे दिसा परत बरफ. चार दीस ठेवला तर गिऱ्हाइकाचे पैशे येतान ते बरफवाल्यालाच जातान. म्हावरा तसाच टोपलीन." त्यांनी वर पाहिलं. "तू चोवीस हजार देत व्हतास. त्यातला बरफ किती?"

मी गंधालीने दिलेला तक्ता काढला. दुसऱ्या वर्षीचा पहिला हप्ता पाहिला. एकवीस हजार सहाशे सात व्याज, दोन हजार सहाशे शेहेचाळीस मुद्दल.

"एकवीस हजार बर्फ," मी म्हणालो.

"नि तू विचारला नाय कुनाला?"

बावीस वर्षं मी हा धडा शिकवला, आणि मासळीच्या टोपलीपर्यंत तो मला समजला नव्हता. सूत्र माहीत असणं वेगळं. व्याज आधी कापलं जातं, मुद्दल उरलं तर कमी होतं, आणि जितकी वर्षं वाढतील तितका बर्फ वाढतो, हे मी कागदावर हजारदा मांडलं होतं. स्वतःच्या घरावर एकदाही मांडलं नाही. मला खरंच लाज वाटली.

"हेमाला सांग," सरूबाई म्हणाल्या. "मी नाय सांगनार. पन आजच सांग."

आज सांगतो म्हणालो. संध्याकाळी हेमांगी आली ती नवी कोरी चप्पल घेऊन. मऊ, जाड तळव्याची, घरात घालायची. पंधराशे रुपयांची. एवढी महाग चप्पल तिने आयुष्यात घेतली नव्हती. ती घालून तिने खोलीत दोन फेऱ्या मारल्या आणि माझ्याकडे बघून हसली. मी सांगितलं नाही.

रविवारी सकाळी तळमजल्यावर चौऱ्याऐंशी माणसांची मिसळ आली. फलकाला झेंडूचा हार. मी नवा सदरा घातला होता. आत्मविश्वासाने उभं राहणं मला जमतं. फळ्यासमोर बावीस वर्षं उभं राहून दुसरं काही नाही तरी एवढं येतंच. मी एक छोटं भाषणही तयार केलं होतं. त्यात 'कर्जमुक्ती' हा शब्द एकदाही न वापरता जिद्द, सातत्य आणि शेजारधर्म यांवर बोलायचं ठरवलं होतं. पुढचं पुढे बघू.

ज्युलियस बोलले, टाळ्या झाल्या. मी उठलो. समोर खुर्चीत हेमांगी अंबादासांच्या बायकोला सांगत होती, "उद्या देते राजीनामा. नोटिशीच्या महिन्यात शिल्लक रजा वळती करून घेणार, म्हणजे परवा मी नऊ वाजेपर्यंत झोपणार. बघच तू." तिचा आवाज मला स्पष्ट ऐकू आला. तयार केलेलं भाषण मी सोडून दिलं.

"मंडळी," मी म्हणालो, "माझं कर्ज फिटलेलं नाही. सहासष्ट हप्ते बाकी आहेत."

सगळे हसले. माझ्या विनोदबुद्धीबद्दल सोसायटीत चांगलं मत आहे, त्याचा हा तोटा. मग मी खिशातून तक्ता काढून सगळं वाचून दाखवलं. बदलता दर, तोच हप्ता, वाढलेली मुदत, त्रेचाळीस लाख पासष्ट हजार, मालाडचा मित्र, सगळं. शेवटी म्हणालो, "आणि तुमच्यापैकी ज्यांनी बँकेची पत्रं वाचलेली नाहीत, त्यांचंही फिटणार नाही आहे."

 मग अंबादास उठले आणि लिफ्टकडे धावले. त्यांच्यामागे आणखी चार जण. दहा मिनिटांत तळमजल्यावर फायली, मोबाइल आणि चष्मे यांची जत्रा भरली. मी टेबलावर पाव सरकवून एकेकाचा हिशेब करून देऊ लागलो. अंबादासांना वाटत होतं सात वर्षं राहिली, तेरा निघाली. तिसऱ्या मजल्यावरच्या एका गृहस्थांचा शेवटचा हप्ता त्यांच्या वयाच्या बहात्तराव्या वर्षी जाणार होता. ते खुर्चीत बसले आणि कुणीतरी त्यांना ताक आणून दिलं.

या सगळ्या गोंधळात ज्युलियस एकटेच शांतपणे दुसरी वाटी खात होते.

"तुमचं बघू का?" मी विचारलं.

"माझं काय बघणार? आमच्याच जमिनीवर बिल्डिंग झाली. बिल्डरने मला घर असंच दिलं."

"म्हणजे तुम्ही कर्ज काढलंच नव्हतं?"

"नाय."

"मग फलकावर पहिलं नाव?"

"मी कर्जमुक्त नाय का? सांग ना, नाय का?" ज्युलियसनी सगळ्यांकडे पाहिलं. गेली पंधरा वर्षं कर्जाबद्दल आम्ही सगळे यांचा सल्ला घेत आलो होतो.

वर मान करून पाहिलं तर हेमांगीची खुर्ची रिकामी होती.

मी जिन्याने वर गेलो. सरूबाई गॅलरीत पाठमोऱ्या बसल्या होत्या. हेमांगी पलंगाच्या कडेला बसलेली, समोर कपाटाचं दार उघडं, आणि ती लाल खुणांनी भरलेली कार्डशीट.

"कधी कळलं?" तिने विचारलं.

"गुरुवारी."

"आज रविवार."

"हो."

"गुरुवारी मी विचारलं होतं, पत्र मिळालं का. हो म्हणालास." तिचा आवाज चढला नव्हता. "बँकेने निदान तुला पत्र तरी पाठवलं होतं, किरण. तू मला तेवढंही नाही."

 बँकेने फसवलं असतं तर मी ग्राहक मंचात गेलो असतो, वर्तमानपत्रात पत्र लिहिलं असतं, चार लोकांना सांगत फिरलो असतो. पण बँकेने मला कळवलं होतं, आणि मी हिला कळवलं नव्हतं. मी तिच्याजवळ बसलो आणि म्हणालो, "माझं चुकलं. घाबरलो होतो." ही दोन वाक्यं उच्चारणं मला बारा लाख चौदा हजारांपेक्षा जड गेलं.

मग मी खिशातून दुसरा कागद काढला. दर बदलून सव्वाआठ करून घ्यायचा. मी शिकवण्या घ्यायच्या. माझं तत्त्व महिन्याला आठ हजारांना सहज जातं, ते सगळे हप्त्यात घालायचे. म्हणजे सहासष्टचे चव्वेचाळीस होतात. कागदावर हे लिहिलं होतं. पण मी गणिताचा शिक्षक आहे, एक उदाहरण अर्धं सोडवून मला चालत नाही. म्हणून खाली दुसरी ओळही लिहिली होती: हेमांगीची नोकरी राहिली आणि हप्ता पन्नास हजारांचा केला तर सत्तावीस.

तिने दोन्ही ओळी वाचल्या. "तुला काय वाटतं?" विचारलं.

"सोड तू," मी म्हणालो. पण सत्तावीसकडे माझी नजर गेलीच, आणि ती तिने पाहिली. तिने कागदाची घडी घातली, पर्समध्ये राजीनाम्याशेजारी ठेवली, आणि कोळंबी करायला उठली.

सोमवारी ती नेहमीप्रमाणे सातला निघाली. राजीनाम्याचं मी विचारलं नाही. शाळेत दिवसभर मी त्रिकोणांच्या जागी चौकोन काढत होतो. तिसऱ्या तासाला एका पोराने "सर, बरं वाटत नाहीये का?" असं विचारलं, त्याला बाकावर उभं केलं, आणि मग स्वतःच खाली बसवलं. मधल्या सुट्टीत गंधालीला फोन करून दर बदलायचा अर्ज मागवला. चार वाजता घरी आलो तेव्हा सरूबाईंनी दार उघडलं नि खांदे उडवले. आम्ही दोघं वाट बघत बसलो. ती रोज सहाला येते.

ती साडेचारला आली. भिंतीला धरून आत आली, पांढरे बूट काढले, पण रोजच्यासारखे पलंगाखाली सरकवले नाहीत. पिशवीत घालून पिशवीला गाठ मारली.

"दिलास?" मी विचारलं.

"दिला."

"अगं, पण सत्तावीस..."

"बँकेने मुदत वाढवताना मला विचारलं होतं?"

"नाही."

"मग मी संपवताना बँकेला विचारत बसणार नाही. चव्वेचाळीस तर चव्वेचाळीस. तू शिकव." ती पलंगावर आडवी झाली. "आणि एकही पत्र आलं की आधी मला वाचून दाखवायचं. दोन्ही बाजू."

मी हो म्हणालो आणि चहा टाकायला गेलो. चहा घेऊन आलो तर तिला झोप लागली होती. तोंड किंचित उघडं, पाय उशीवर, टाचा लाल. चोवीस वर्षांत मी तिला दिवसाउजेडी झोपलेलं पाहिलं नव्हतं. सरूबाईंनी पंखा एक आकडा कमी केला आणि आम्ही दोघं तिथेच उभे राहिलो.

सहा वाजता बेल वाजण्याआधीच मी दार उघडलं. बाहेर माझ्या शिकवणीची पहिली बॅच उभी होती. अंबादास, त्यांच्या मिसेस, बहात्तराव्या वर्षी फिटणारे गृहस्थ, आणखी सहा जण, प्रत्येकाच्या हातात फाइल आणि महिन्याच्या फीचं पाकीट. ज्युलियसही आले होते, सहज, ऐकायला. मी ओठांवर बोट ठेवलं आणि सगळ्यांना जिन्याच्या पायऱ्यांवर बसवलं. मीटरच्या पेटीवर कागद टेकवून मुद्दल, दर आणि मुदत मांडली. अंबादासांनी मोठ्याने शंका काढली तेव्हा नऊ जणांनी एकदम त्यांना गप्प केलं. माझा आवाज शाळेच्या मैदानापलीकडे जातो अशी ख्याती आहे, पण त्या संध्याकाळी दीड तास मी चक्रवाढ व्याज कुजबुजत शिकवलं, आणि आत ती झोपली होती.